काळाचा माग आणि त्याचा पन्हा: टीव्हीए समजून घेताना

टाइम व्हेरियन्स ऑथॉरिटी, म्हणजेच टीव्हीए, ही मार्व्हलच्या काल्पनिक जगातली संस्था. १९८६ साली 'थॉर' कॉमिकच्या ३७२व्या अंकात ती पहिल्यांदा दिसली. पुढं पस्तीस वर्षं ती कॉमिक्सच्या पानांतच राहिली आणि २०२१ मध्ये 'लोकी' ही मालिका आल्यावर आमच्या सोलापुरात नव्या पेठेपासून विडी घरकुलापर्यंत पोरांच्या तोंडी झाली. तिचं काम सांगायला एक वाक्य पुरतं. विश्वाची टाइमलाइन एकच राहील हे बघायचं, तिला कुठं फाटा फुटला की तो छाटायचा, आणि हे सगळं कुणाच्याही नकळत करायचं.

मी अकरावी-बारावीच्या मुलांना फिजिक्स शिकवते. तास सुटल्यावर जे प्रश्न येतात त्यांत या संस्थेचा नंबर बराच वरचा आहे. बहुतेक प्रश्न कोण कुणाला हरवेल अशा धाटणीचे असतात. पूर्व भागातून येणाऱ्या एका मुलीनं मात्र विचारलं, "मॅडम, टाइमलाइन जर एकच असते, तर तिला राखायला माणसं कशाला लागतात?" हा लेख त्या प्रश्नाचं उत्तर आहे. उत्तर द्यायचं तर मालिकेचा शेवट सांगावा लागतो, तेव्हा ज्यांना तो आधी कळायला नको असेल त्यांनी मालिका पाहूनच पुढं वाचावं.

आधी गोष्ट थोडक्यात. लोकी हा अस्गार्ड या देवलोकातला कपटी राजपुत्र. २०१२ मध्ये न्यूयॉर्कवरच्या हल्ल्यात तो पकडला जातो, ही मूळ हकीकत. २०१९ च्या चित्रपटात अव्हेंजर्स ही सुपरहिरोंची टोळी काळात मागं जाते, त्यांच्या हातून गडबड होते आणि टेसरॅक्ट नावाची मौल्यवान वस्तू लोकीच्या पायाशी येऊन पडते. तो ती उचलून गायब होतो आणि गोबीच्या वाळवंटात जाऊन पडतो. तिथं हवेत एक दार उघडतं, त्यातून चिलखती शिपाई बाहेर येतात आणि त्याला बेड्या घालून टीव्हीएच्या कोर्टात उभं करतात. लोकी म्हणतो, काळात ढवळाढवळ अव्हेंजर्सनी केली, पकडायचं तर त्यांना पकडा. न्यायाधीश रॅव्होना रेन्सलेअर शांतपणे सांगते की त्यांनी जे केलं ते व्हायचंच होतं. तू निसटणं व्हायचं नव्हतं.

व्हायचंच होतं, हे ठरवलं कुणी? टीव्हीएचं अधिकृत उत्तर असं: फार पूर्वी अनेक टाइमलाइन होत्या, त्यांच्यात महायुद्ध पेटलं, सगळंच नष्ट व्हायची वेळ आली. तेव्हा तीन कालरक्षकांनी सगळ्या टाइमलाइन एकत्र करून एक 'पवित्र टाइमलाइन' बनवली आणि ती राखायला टीव्हीए उभी केली. कुणी ठरलेल्या वाटेवरून ढळला की फाटा फुटतो. त्या घटनेला नेक्सस इव्हेंट म्हणतात आणि ढळणाऱ्याला व्हेरियंट. मिस मिनिट्स नावाचं एक बोलकं घड्याळ हे सगळं गोड आवाजात समजावतं, आणि तिच्या यादीत उठाव करण्याच्या बरोबरीनं कामावर उशिरा पोचणंही येतं.

उशिरा पोचण्यानं विश्व फुटेल का, असं वाटणं स्वाभाविक आहे. पण एवढा भाग विज्ञानाला धरून आहे. १९६१ मध्ये एडवर्ड लॉरेन्झ हे हवामानशास्त्रज्ञ संगणकावर हवामानाचं गणित चालवत होते. ते अर्ध्यातून पुन्हा सुरू करताना त्यांनी ०.५०६१२७ ऐवजी ०.५०६ एवढाच आकडा भरला. फरक नगण्य होता. थोडा वेळ दोन्ही हिशेब बरोबर चालले आणि मग इतके दूर गेले की एकाचा दुसऱ्याशी काही संबंध उरला नाही. फुलपाखराच्या पंखांनी वादळ येतं ही सगळ्यांना माहीत असलेली कल्पना याच कामातून पुढं आली. तेव्हा छोट्या ढळण्याचा मोठा परिणाम होऊ शकतो हे टीव्हीएचं म्हणणं बरोबर आहे. त्यावरून ते जे करतात ते मात्र वेगळ्या तराजूत तोलायला हवं.

आता 'एकच टाइमलाइन' म्हणजे नेमकं काय ते पाहू, कारण इथं बहुतेकांचा गोंधळ होतो. एक विश्व, एक भूतकाळ, एक भविष्य, असा अर्थ बहुतेक जण घेतात. तसं असतं तर मालिकेतले वेगवेगळे लोकी आले कुठून? एक म्हातारा आहे, एक लहान मुलगा आहे, एक तर चक्क मगर आहे. सिल्व्ही ही स्त्री-लोकी लहानपणी अस्गार्डच्या महालात खेळण्यांशी खेळताना पकडली जाते. मुलगी म्हणून जन्मणं हाच गुन्हा असता तर तिला पाळण्यातूनच उचललं असतं. ज्या अर्थी तिला इतकी वर्षं जगू दिलं, त्या अर्थी मुलगी असलेला लोकी टीव्हीएला चालत होता. न चालणारं काहीतरी नंतर घडलं.

जिनं प्रश्न विचारला तिच्या घरी साचे, म्हणजे माग, आहेत, म्हणून तिला मी तिच्याच घरातलं उदाहरण दिलं. सोलापुरी चादरीचा माग डोळ्यांसमोर आणा. ताण्याचे असंख्य उभे धागे बीमवरून सुटून येतात. वर जेकॉर्ड बसवलेलं असतं आणि त्यावर भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ फिरत असते. एक पुठ्ठा म्हणजे बाण्याची, आडव्या धाग्याची, एक ओळ. जिथं भोक आहे तिथं सुई आत जाते, हूक वर उचलला जातो आणि त्याला बांधलेला उभा धागा वर येतो. भोक नाही तिथला धागा खालीच राहतो. मधून धोटा सणसणत जातो, फणी ठोकते, पुढचा पुठ्ठा समोर येतो. जोसेफ मारी जाकार्ड यांचं हे यंत्र १८०४ च्या सुमारास फ्रान्समध्ये तयार झालं. आता इलेक्ट्रॉनिक जेकॉर्डही आले आहेत, तरी तत्त्व तेच. मोर उमटायचा की फूल, हे धाग्याच्या हातात नसतं. ते पुठ्ठ्यांच्या माळेत आधीच भोकं पाडून ठरवलेलं असतं.

चादर एकच असते, पण ती एका धाग्याची नसते. एखादा धागा किंचित जाड आला, एखाद्याचा रंग थोडा फिका पडला, तरी चादर चालून जाते. नक्षी मोडली की मात्र माग थांबवावा लागतो. पवित्र टाइमलाइन ही अशी आहे. पडद्यावर तिचं चित्र नीट पाहिलं तर ती एक तंतू नसून जवळजवळ चालणाऱ्या अनेक तंतूंची गुंफण दिसते. त्या तंतूंमध्ये फरक असू शकतात, मुलगी-लोकी असू शकते, मगर-लोकी असू शकतो. फरक एका मर्यादेपर्यंत चालतो. टीव्हीएच्या पडद्यांवर ती मर्यादा लाल रेषेनं दाखवलेली असते. फांदी लाल रेषेपलीकडं गेली की ती परत आणता येत नाही, म्हणून त्याआधी शिपायांना पोचावं लागतं. आणि नक्षी कोणती, हे त्या शिपायांना माहीत नसतं. त्यांना एवढंच सांगितलेलं असतं की ती पवित्र आहे.

छाटणं म्हणजे काय होतं, हे अमूर्तात सांगितलं तर फार सभ्य वाटतं. म्हणून मी वर्गात आपल्या गावचं उदाहरण घेते.

१९३८ मध्ये जपानच्या आक्रमणाशी झुंजणाऱ्या चीनला मदत म्हणून राष्ट्रीय काँग्रेसनं पाच डॉक्टरांचं पथक पाठवलं. त्यात सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस होते. वय सत्तावीस, मुंबईच्या जी. एस. मेडिकल कॉलेजातून नुकतंच शिक्षण झालेलं. पुढं चौघं परत आले. कोटणीस तिकडंच राहिले, आघाडीवर शस्त्रक्रिया करत राहिले, ग्वो छिंगलान या परिचारिकेशी त्यांनी लग्न केलं, आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी बत्तिसाव्या वर्षी ते तिथंच वारले. मुलगा तेव्हा काही महिन्यांचा होता. भैय्या चौकातलं त्यांचं घर आज स्मारक आहे, आपल्यापैकी अनेक जण शाळेच्या सहलीत तिथं जाऊन आलेले असतात.

आता समजा, १९३८ साली घरच्यांच्या काळजीपोटी ते थांबले. सोलापुरात दवाखाना काढला, गिरणगावातल्या कामगारांना तपासलं, साठीपर्यंत जगले. यात कुणाचं काय वाईट झालं? काही नाही. पण ही फांदी नक्षीत नाही. टीव्हीएचे शिपाई दवाखान्याच्या दारात येतील, डॉक्टरांना घेऊन जातील, आणि कंदिलासारखं दिसणारं एक यंत्र तिथं ठेवून निघून जातील. ते यंत्र फांदीचा तो भाग पुसून टाकतं. बाहेर बाकावर बसलेले रुग्ण, कंपाउंडर, रस्त्यावरून जाणारा टांगेवाला, त्या दवाखान्यात जन्माला येणार असलेली मुलं, सगळं त्यात येतं. कुणाला काही विचारलं जात नाही. टीव्हीएच्या वहीत त्याची नोंद 'रीसेट' अशी होते.

हे सांगत असताना मागच्या बाकावरून एकानं शेजारच्याला हळूच विचारलं, "म्हणजे त्या फांदीतली सगळी मेली काय बे?" त्याला वाटलं मला ऐकू गेलं नाही. पण मालिकेतला सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न त्यानं विचारला होता. होय, मेली. फांदीतली माणसं ही खऱ्या माणसांच्या सावल्या नसतात. त्यांना आई-वडील असतात, आठवणी असतात, भूक लागते.

दुसऱ्या बाजूनंही पाहा. १२ जानेवारी १९३१ ला मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना येरवड्यात फाशी दिली गेली. १९३० च्या मे महिन्यात गांधीजींच्या अटकेनंतर सोलापूर पेटलं, इंग्रजांना मार्शल लॉ पुकारावा लागला, त्याचा हा सूड होता. ही फाशी टळलेली एखादी फांदी असेल तर टीव्हीए ती ठेवणार नाही. चौघं वाचले, घरी आले, पोरांना खेळवलं, हाच त्या फांदीचा दोष ठरेल. 'जे झालं तेच पवित्र' हे वाक्य ऐकायला भारदस्त वाटतं. चार हुतात्मा पुतळ्यांपाशी उभं राहून ते स्वतःशी म्हणून पाहिलं की त्यात काय दडलंय ते कळतं.

मालिकेच्या दुसऱ्या भागात लोकी एक सुंदर तर्क मांडतो, तो मुलांना मी नेहमी उलगडून दाखवते. सिल्व्ही टीव्हीएला सापडत का नाही? कारण ती महासंहाराच्या क्षणांमध्ये लपते. इ. स. ७९ मध्ये पाँपेई शहरावर ज्वालामुखी फुटण्याच्या जरा आधी तुम्ही तिथं जाऊन वाटेल तो गोंधळ घाला, बकऱ्या सोडा, भविष्य ओरडून सांगा, फाटा फुटत नाही. थोड्या वेळानं सगळं राखेखाली जाणार असतं, तुमच्या कृतीचा परिणाम पुढं न्यायला कुणी उरणारच नसतं. लॉरेन्झच्या हिशेबात छोटा फरक वाढत जातो, कारण त्याला वाढायला पुढचा वेळ मिळतो. पुढचा वेळच काढून घेतला तर फरक तिथल्या तिथं विझतो.

आता मूळ प्रश्नाकडं: राखायला माणसं कशाला लागतात? यासाठी खऱ्या भौतिकशास्त्रात काळाबद्दल काय म्हणतात ते पाहायला हवं.

हर्मान मिंकोव्स्की यांनी १९०८ मध्ये अवकाश आणि काळ यांना मिळून एकच चार मितींचा पट मानला. आइन्स्टाइनचा सापेक्षतावाद या पटावर उभा आहे. या चित्राचा एक सरळ अर्थ असा घेतला जातो की भूत, वर्तमान आणि भविष्य सगळंच त्या पटात अस्तित्वात आहे. तसं असेल तर टाइमलाइन बदलणं हे शब्दच निरर्थक ठरतात. बदलत नाही त्याला राखणदार नको.

काळात मागं जाता येतं असं धरलं तर? १९४९ मध्ये कुर्ट गोडेल यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांतून फिरणाऱ्या विश्वाचं एक उत्तर काढलं, ज्यात पुढं पुढं जात माणूस स्वतःच्या भूतकाळात पोचू शकतो. मग आजोबांना लहानपणीच मारलं तर नातू कसा जन्मेल, हा जुना पेच येतो. रशियन शास्त्रज्ञ इगोर नोविकोव यांनी १९८० च्या दशकात त्यावर मांडलं की विसंगती निर्माण होईल अशा घटनांची शक्यताच शून्य असते. तुम्ही मागं जाल, पण तिथं जे कराल ते आधीच झालेलं असेल. म्हणजे इथंही पहाऱ्याची गरज नाही, निसर्ग स्वतःच सुसंगत राहतो. स्टीफन हॉकिंग त्याहून पुढं गेले. १९९२ च्या शोधनिबंधात त्यांनी अटकळ बांधली की भौतिकीचे नियमच कालप्रवासाला आडवे येत असावेत. २००९ मध्ये २८ जूनला त्यांनी कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रणं मेजवानी उरकल्यावर जाहीर केली. कुणीही आलं नाही.

उरला ह्यू एव्हरेट यांचा १९५७ चा सिद्धान्त. पुंजयामिकीत, म्हणजे क्वांटम मेकॅनिक्समध्ये, एका मोजमापाचे अनेक निकाल शक्य असतात. एव्हरेट म्हणतात की ते सगळेच घडतात, प्रत्येक आपापल्या शाखेत. मराठी वाचकाला ही कल्पना जयंत नारळीकरांच्या कथेतल्या गंगाधरपंतांमुळं ओळखीची आहे. तिथं पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागते की कानाजवळून जाते, एवढ्यावरून दोन वेगळे हिंदुस्थान उभे राहतात, आणि दोन्ही राहतात. एव्हरेटच्या चित्रात शाखा क्षणोक्षणी फुटत असतात आणि फुटल्यावर त्यांचा एकमेकींशी संबंध उरत नाही. एका शाखेतून दुसरीत शिपाई पाठवून ती छाटण्याची सोयच नाही.

चारही चित्रं शेजारी ठेवा. टाइमलाइन खरोखर एकच असेल तर तिला राखणदाराची गरज नाही. अनेक असतील तर राखणं शक्य नाही. राखणदार फक्त एकाच परिस्थितीत लागतो: टाइमलाइन अनेक आहेत, त्या एकमेकींपर्यंत पोचू शकतात, आणि कुणाला तरी त्यांतली एकच हवी आहे. म्हणजे टीव्हीए अस्तित्वात आहे हीच गोष्ट सांगते की 'एकच टाइमलाइन' हा निसर्गाचा नियम नसून कुणाचा तरी निर्णय आहे. माझ्या विद्यार्थिनीचा प्रश्न त्या संस्थेच्या मुळावरच घाव घालतो, आणि पहिल्या सीझनचा शेवट तिच्या बाजूनं लागतो.

तो शेवट असा: तीन कालरक्षक यंत्रमानव निघतात. त्यांच्यामागं काळाच्या टोकावरच्या गढीत एकटा माणूस बसलेला असतो. तो एकतिसाव्या शतकातला शास्त्रज्ञ. त्यानं इतर विश्वं शोधली, तिथं त्याचीच रूपं भेटली, आधी ज्ञानाची देवाणघेवाण झाली आणि मग त्यांतल्या काहींना राज्य हवं झालं. युद्ध झालं, तो जिंकला, आणि आपलं दुसरं कुठलंही रूप पुन्हा जन्मू नये एवढ्यासाठी त्यानं बाकीच्या शक्यता बंद केल्या. पवित्र टाइमलाइनची नक्षी म्हणजे ज्या धाग्यांतून त्याचा प्रतिस्पर्धी निघत नाही तेवढे धागे. तो लोकी आणि सिल्व्हीपुढं दोन पर्याय ठेवतो: माझी जागा घ्या, नाहीतर मला मारा आणि माझी असंख्य वाईट रूपं सोसा. हे सगळं आपल्याला कळतं ते त्याच्या तोंडून. त्याची भीती खोटी आहे असं मी म्हणत नाही. पण ज्याला सत्ता टिकवायची आहे त्यानंच सांगितलेले हे दोन पर्याय आहेत, तिसरा तो सांगणार नाही.

या सगळ्यात मला सर्वांत जास्त हलवून जाते ती संस्थेतली गुप्तता. तिचा रोख बाहेरच्यांइतकाच आतल्यांवर आहे. टीव्हीएच्या कर्मचाऱ्यांना सांगितलेलं असतं की तुम्हाला कालरक्षकांनी इथं निर्माण केलं, तुम्हाला मागचं आयुष्य नाही. केसी नावाचा एक साधा कारकून आहे. लोकी त्याला धमकावताना माशाचा उल्लेख करतो, आणि केसी विचारतो, मासा म्हणजे काय? तो कायम टेबलामागं बसलेला, त्यानं मासा पाहिलेलाच नाही. त्याच्या खणात इन्फिनिटी स्टोन नावाचे प्रचंड शक्तीचे दगड पडलेले असतात, ज्यांच्यासाठी बाहेर अर्धं विश्व मेलं. इथं लोक ते कागद उडू नयेत म्हणून वापरतात. मोबियस हा अधिकारी जेट-स्कीची मासिकं जपून ठेवतो, स्वतः कधी बसलेला नसतो. पुढं कळतं की हे सगळे पकडून आणलेले व्हेरियंटच आहेत, आठवणी पुसलेले. मोबियस मुळात दोन मुलांचा बाप आहे आणि जेट-स्की विकतो.

आठवणी का पुसायच्या? शिपायाला स्वतःचं घर आठवत असेल तर तो दुसऱ्याच्या घरात तो कंदील ठेवताना थांबेल. बी-फिफ्टीन ही कडक शिपाईण, सिल्व्ही तिला तिच्या जुन्या आयुष्याची झलक दाखवते, आणि त्यानंतर तिच्या हातून ते काम होत नाही. एवढी मोठी यंत्रणा चालते ती शस्त्रांच्या जोरावर कमी, आणि आतल्या माणसांना स्वतःबद्दल काही माहीत नसण्यावर जास्त.

मोबियसची आणखी एक हकीकत सांगायलाच हवी, ती पडद्याबाहेरची आहे. कॉमिक्समध्ये त्याचा चेहरा मार्क ग्रूनवाल्ड या मार्व्हलच्या संपादकावरून घेतलेला आहे. १९६१ पासून मार्व्हलच्या गोष्टी एकाच सामाईक जगात घडत आल्या. शेकडो लेखक, हजारो अंक. कोण कुणाला कधी भेटलं, कोण कधी मेलं, हे कुणीतरी सांभाळायला लागतं. ग्रूनवाल्ड यांची त्या बाबतीतली स्मरणशक्ती प्रसिद्ध होती. टीव्हीए ही कल्पना वॉल्टर सायमन्सन या लेखक-चित्रकारानं आणली आणि तिच्या अधिकाऱ्याला ग्रूनवाल्ड यांचा चेहरा दिला गेला. 'एकच टाइमलाइन राखणं' हे प्रत्यक्षात संपादकाचं काम होतं आणि ते प्रेमानं केलेलं होतं. १९९६ मध्ये ग्रूनवाल्ड गेले, आणि त्यांच्या इच्छेनुसार त्यांची रक्षा 'स्क्वाड्रन सुप्रीम' या त्यांच्याच पुस्तकाच्या छपाईच्या शाईत मिसळली गेली. गोष्टीत विसंगती येऊ नये म्हणून जपणारा माणूस आणि विश्वात फांदी येऊ नये म्हणून माणसं पुसणारी संस्था यांतला फरक मला फार मोठा वाटतो. गोष्टीतलं पान फाडलं तर कुणाचा जीव जात नाही.

दुसरा सीझन २०२३ चा. सिल्व्हीनं गढीतल्या माणसाला मारलेलं असतं आणि फांद्या सुटलेल्या असतात. आता कळतं की टीव्हीएच्या पोटात एक माग आहे, टेम्पोरल लूम, जो कच्च्या काळाचे धागे ओढून टाइमलाइन विणतो. सोलापूरकराला पुढचं समजायला वेळ लागत नाही. प्रत्येक मागाला पन्हा असतो. जेवढा पन्हा तेवढंच रुंद कापड. त्याहून जास्त ताणा त्यात मावत नाही, जबरदस्तीनं घातला तर धागे तुटतात. फांद्या वाढत जातात, माग तापतो, फुटतो. लोकी काळात मागं जाऊन पुन्हा पुन्हा दुरुस्तीचा प्रयत्न करतो, त्यासाठी शतकानुशतकं शास्त्र शिकतो, क्षमता वाढवायचं यंत्र बसवतो, तरी माग फुटतो. अनंत धाग्यांना पुरेल असा पन्हा नसतो.

शेवटी उलगडा होतो की हा दोष नव्हताच. तो माग मुद्दामच एका टाइमलाइनच्या पन्ह्याचा बनवला होता. धागे जास्त झाले की तो नको ते धागे जाळून मूळची नक्षी वाचवतो. म्हणजे कालरक्षक उघडे पडले, गढीतला माणूस संपला, तरी त्याचा निर्णय यंत्रात शाबूत होता. दुरुस्त करत राहणं म्हणजे त्याचंच काम पुढं चालवणं. लोकी माग मोडतो, मरत चाललेले धागे स्वतःच्या हातांत घेतो आणि त्यांच्या मध्ये कायमचा बसतो. फांद्या जगतात, दिसायला एका प्रचंड झाडासारख्या.

आता ते सगळं एकाच्या हातात आहे, मग फरक काय पडला, असं वर्गात विचारलं गेलं. लोकी धागे निवडत नाही. कोणती फांदी ठेवायची आणि कोणती नाही हे तो ठरवत नाही; जेवढ्या आहेत तेवढ्या सांभाळतो. मला हा फरक पुरेसा वाटतो, माझ्या दोन विद्यार्थ्यांना वाटत नाही. त्यांचं म्हणणं, तो हात काढून घेईल त्या दिवशी काय? त्याला मालिकेत उत्तर नाही.

टीव्हीए त्यानंतरही चालू राहते. फांद्या छाटणं बंद होतं आणि गढीतल्या माणसाची रूपं कुठं डोकं वर काढतात यावर नजर ठेवणं सुरू होतं. २०२४ च्या एका चित्रपटात मात्र तिचाच एक अधिकारी आपल्या मर्जीनं एक अख्खं विश्व लवकर संपवायला निघालेला दिसतो.

ज्यांना हे क्रमानं पाहायचं आहे त्यांनी २०१२ चा 'अव्हेंजर्स' आणि २०१९ चा 'एंडगेम' आधी पाहावा, नाहीतर लोकी गोबीत कसा पोचला ते कळत नाही. मग मालिकेचे सहा आणि सहा असे बारा भाग. पहिल्या भागातली मिस मिनिट्सची फिल्म मुलांना बारा भाग संपल्यावर पुन्हा एकदा लावून द्यावी आणि त्यातलं प्रत्येक वाक्य कुणाच्या सोयीचं आहे ते त्यांनाच वहीत लिहायला सांगावं. माझ्या वर्गात हा गृहपाठ कुणी चुकवत नाही.